आठ पेट्या आणि एक पक्ष : साउथ कॅरोलायनातल्या त्या निवडणुका खऱ्या होत्या का?

खाडीकाठ

आपल्याकडे ‘काँग्रेसची निवडणूक’ म्हटलं की पक्ष डोळ्यांसमोर येतो, म्हणून आधीच सांगून टाकतो. इथे काँग्रेस म्हणजे अमेरिकेची संसद, राज्य साउथ कॅरोलायना, आणि तिथे पाऊणशे वर्षांहून अधिक काळ ज्याच्याशिवाय पान हललं नाही तो पक्ष डेमोक्रॅटिक.

गेल्या मार्चमध्ये आम्ही ब्यूफर्टला गेलो होतो. खाड्यांनी वेढलेलं छोटं गाव, ओकच्या फांद्यांवरून राखाडी जटा लोंबत असतात. तिथल्या टॅबरनॅकल बॅप्टिस्ट चर्चच्या आवारात रॉबर्ट स्मॉल्स यांची समाधी आणि अर्धपुतळा आहे. हा माणूस गुलाम म्हणून जन्मला. १३ मे १८६२ च्या पहाटे त्यांनी चार्ल्स्टनच्या बंदरातून यादवी युद्धात लढणाऱ्या दक्षिणेच्या सैन्याची ‘प्लँटर’ ही आगबोट पळवली. डोक्यावर कप्तानाची गवती टोपी, किल्ल्यासमोरून जाताना शिट्टीची नेमकी खूण, आणि बोटीत बायकामुलं. युद्धानंतर ज्या मालकाच्या घरी राबले तेच घर त्यांनी विकत घेतलं, आणि त्याच भागातून पाच वेळा काँग्रेसच्या प्रतिनिधीगृहात गेले.

पुतळ्याखाली त्यांचेच शब्द आहेत : माझ्या लोकांना वेगळं संरक्षण नको, आयुष्याच्या लढाईत फक्त समान संधी हवी. मी तिथे बराच वेळ उभा होतो. हे शब्द १८९५ सालच्या राज्याच्या घटना परिषदेतले आहेत. परिषद भरवली होती माजी राज्यपाल बेन टिलमन यांनी, आणि कृष्णवर्णीयांचं मत काढून घ्यायचं हा हेतू कोणी लपवलाही नव्हता. १६० सदस्यांत कृष्णवर्णीय सहा. स्मॉल्स यांनी त्या घटनेवर सही केली नाही.

आता हिशेब बघा. १८७३ ते १८७५ च्या काँग्रेसमध्ये या राज्याच्या पाच जागांपैकी चार जागांवर कृष्णवर्णीय प्रतिनिधी होते : रेनी, केन, इलियट, रॅन्सियर. आपल्या जोतीरावांनी ‘गुलामगिरी’ अमेरिकेतल्या सत्पुरुषांना अर्पण केली ते साल १८७३. म्हणजे पुण्यात ती अर्पणपत्रिका छापली जात होती तेव्हा ही माणसं वॉशिंग्टनला सभागृहात बसत होती. आणि १८९७ च्या मार्चमध्ये जॉर्ज मरी यांची मुदत संपली, त्यानंतर या राज्यातून एकही नाही. पुढचे जिम क्लायबर्न, १९९२ च्या निवडणुकीत. मधली ९५ वर्षं कोरी.

लोक कमी झाले होते का? नाही. १८८० साली राज्यात सुमारे ६० टक्के लोक कृष्णवर्णीय होते, १९२० सालीही निम्म्याहून थोडे जास्तच. मग मतं गेली कुठे? १८८२ साली आठ पेट्यांचा कायदा आला. राज्यपालाची पेटी वेगळी, काँग्रेसची वेगळी, अशा पेट्या मांडायच्या. चिठ्ठी चुकीच्या पेटीत पडली की बाद. ज्याला अक्षरओळख नाही त्याने पेट्यांचा क्रम पाठ करून यावं, तर मतदान चालू असतानाच क्रम बदलायचा. त्याच साली मतदारसंघ असे आखले की बहुतेक कृष्णवर्णीय वस्ती एका सातव्या मतदारसंघात कोंबली आणि बाकी सहा जागा मोकळ्या केल्या. मग १८९५ ची घटना : राज्यात दोन वर्षं वास्तव्य, मतदानाआधी सहा महिने डोईपट्टी, म्हणजे माणशी कर, भरलेली, वर घटनेतला उतारा वाचून दाखवणं किंवा तीनशे डॉलरची मालमत्ता.

माझं म्हणणं सरळ आहे. त्यानंतरच्या पन्नास वर्षांत या राज्यातून काँग्रेसवर जी माणसं निवडून गेली, त्या निवडणुकांना निवडणूक म्हणू नये. नोव्हेंबरातल्या मुख्य निवडणुकीत बहुतेक जागा बिनविरोध. १९२४ साली अध्यक्षीय निवडणुकीत सबंध राज्यात मतं पडली जेमतेम पन्नास हजार, लोकसंख्या सतरा लाखांच्या घरात. त्याच साली कॅन्ससमध्ये, साधारण तितक्याच लोकसंख्येत, साडेसहा लाखांहून जास्त. काँग्रेसच्या जागा कॅन्ससला आठ, साउथ कॅरोलायनाला सात. जागा ठरवताना प्रत्येक माणूस मोजला, आणि मत द्यायची वेळ आली तेव्हा त्यालाच दाराबाहेर ठेवलं. ती उरलेली ताकद मूठभरांनी वापरली.

सातारकर

आठ पेट्यांबद्दल जे लिहिलंत त्यावर वाद नाही. पण ‘निवडणूक म्हणू नये’ हे मला पटत नाही, कारण तुम्ही चुकीच्या महिन्यात बघताय. तिथली निवडणूक नोव्हेंबरात नव्हती, उन्हाळ्यात होती. पक्षांतर्गत निवडणुकीत, म्हणजे प्रायमरीत.

आणि ती लुटुपुटूची नव्हती. १८९६ पासून या राज्यात उमेदवार थेट मतदारांनी ठरवायची पद्धत आली, तेव्हा अमेरिकेत बहुतेक ठिकाणी चार पुढारी खोलीत बसून नाव काढत. निम्म्याहून जास्त मतं कोणालाच नाही मिळाली तर दुसरी फेरी. राज्यव्यापी पदाच्या सगळ्या उमेदवारांनी एकत्र काउंटी-काउंटी, म्हणजे जिल्हा-जिल्हा, फिरायचं, एकाच व्यासपीठावरून पाठोपाठ बोलायचं, असा शिरस्ता होता. ४६ काउंट्या. शेतकरी घोडागाड्या घेऊन येत, गिरणी कामगार येत, समोर उभे राहून प्रश्न विचारत. आपल्या किती उमेदवारांनी प्रतिस्पर्ध्याच्या शेजारी बसून असं तोंड दिलंय?

महत्त्वाचं म्हणजे, डोईपट्टी भरल्याची पावती नोव्हेंबरात लागे, प्रायमरीत लागत नसे. त्यामुळे गोरा गरीब माणूस, कापड गिरणीत बारा तास राबणारा, तो प्रायमरीत मत देई. १९३८ ची सिनेटची लढत घ्या. ‘कॉटन एड’ स्मिथ १९०९ पासून सिनेटर. त्यांना पाडायला खुद्द अध्यक्ष रूझवेल्ट उतरले, समोर राज्यपाल ऑलिन जॉन्स्टन, जे स्वतः लहानपणी गिरणीत काम केलेले. प्रायमरीत सव्वातीन लाखांहून जास्त मतं पडली. स्मिथ जिंकले. नोव्हेंबरात त्याच जागेसाठी पन्नास हजारही मतं पडली नाहीत, कारण निकाल आधीच लागला होता. सहा वर्षांनी, १९४४ मध्ये, जॉन्स्टन यांनी त्याच स्मिथना हरवलं. पस्तीस वर्षं सिनेटर असलेला माणूस मतपेटीतून घरी जातो तिथे निवडणूक नाही कसं म्हणायचं?

माझे वडील साठच्या दशकातलं सांगत. आमच्या तालुक्यात तिकीट जाहीर झालं त्याच संध्याकाळी हलगी वाजायची, मतदानाच्या दिवसाची कोणी वाट बघत नसे. १९७२ साली विधानसभेत २७० पैकी २२२ जागा एका पक्षाच्या. म्हणून त्या काळच्या महाराष्ट्रात लोकशाही नव्हती? राज्यशास्त्रज्ञ रजनी कोठारींनी साठच्याच दशकात मांडलं होतं की एका मोठ्या पक्षाच्या आतले गटच एकमेकांवर अंकुश ठेवतात. साउथ कॅरोलायनातही तेच चाललं होतं.

अनुराधा म.

सातारकर, गटांचा मुद्दा मोहात पाडणारा आहे, पण तिथेच तो अडतो. व्ही. ओ. की नावाच्या राज्यशास्त्रज्ञाने १९४९ साली दक्षिणेतल्या एकेका राज्याचा अभ्यास केला. त्याला दिसलं ते असं : गटाला नाव नाही, चिन्ह नाही, जाहीरनामा नाही. आज अमक्याचा गट, पुढच्या वेळी तो माणूस नाही म्हणजे गटही नाही. माणसं मत देत ती आपल्या काउंटीतल्या, ओळखीच्या उमेदवाराला. मग गेल्या खेपेचं आश्वासन मोडलं म्हणून शिक्षा कोणाला करायची? गिरणी कामगारांना हे सर्वांत जास्त भोवलं. त्यांनी कोल ब्लीज यांना डोक्यावर घेतलं, राज्यपाल केलं, १९२४ ला सिनेटवर पाठवलं. ब्लीज त्यांच्याच बोलीत बोलत, त्यांच्या अपमानाबद्दल बोलत. पण ते कामगारांसाठी कायदे करणारे नव्हते, आणि कृष्णवर्णीयांना जमावाने ठार मारण्याचं समर्थन जाहीर सभेत करत. त्या दुसऱ्या फेरीत त्यांच्यासमोर होते जेम्स बर्न्स, चौदा वर्षं प्रतिनिधीगृहात काढलेला कर्तबगार माणूस. बर्न्स लहानपणी कॅथलिक होते ही गोष्ट ऐन शेवटच्या दिवसांत उकरून काढली गेली आणि ते थोडक्यात पडले. धोरणाचा प्रश्न समोर यायचा, तिथे धर्म आला.

आणि दाराबाहेर कोण होतं ते तुम्ही एका ओळीत ओलांडून गेलात. पक्षाचा नियम काय होता माहीत आहे ना? ज्या कृष्णवर्णीयाने १८७६ साली डेमोक्रॅटिक पक्षाचे राज्यपालपदाचे उमेदवार वेड हॅम्प्टन यांना मत दिलं आणि तेव्हापासून सातत्याने डेमोक्रॅटिक मत देत आला, त्यालाच प्रायमरीत येता येई. आणि तसं सिद्ध करायला दहा गोऱ्या माणसांची साक्ष. दहा! १९२० साली ज्याचं वय पासष्टच्या आत, त्याला ही अट पुरी करणं जन्माच्या तारखेनेच अशक्य. बायकांचं तर बोलायलाच नको, १८७६ साली तिथे कुठल्याच बाईला मत नव्हतं.

महाराष्ट्राशी तुलना इथे तुटते. आमच्या आजीला १९५२ साली पहिल्यांदा मत मिळालं, तिला कोणी उतारा वाचायला लावला नाही. बोटाला शाई लावून घरी आली आणि दोन दिवस ते बोट सगळ्यांना दाखवत होती. विरोधात शेकाप होता, समाजवादी होते, १९५७ ला समितीने पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसला घाम फोडला. १९७२ ला २२२ जागा मिळवलेल्या पक्षाचं १९७८ ला काय झालं ते तुम्हीच आठवा. एका पक्षाला भरभरून मतं पडणं आणि दुसऱ्याला मत देऊच न देणं, या दोन गोष्टींना एकाच मापाने मोजू नका.

सातारकर

बायकांच्या बाबतीत आणि दहा साक्षीदारांच्या बाबतीत तुमचं बरोबर, तो नियम निर्लज्ज होता. तो मी टाळायला नको होता.

दीक्षाभूमीकर

प्रायमरी हा शब्द वाचून मला येरवडा आठवलं. २४ सप्टेंबर १९३२ चा पुणे करार काढून वाचा. त्यात राखीव जागांसाठी दोन टप्पे होते. आधी त्या मतदारसंघातल्या फक्त दलित मतदारांनी मत द्यायचं आणि चार उमेदवार निवडायचे. करारात त्याला ‘प्राथमिक निवडणूक’ असंच म्हटलंय. मग त्या चारांतून एकाला सर्व मतदारांनी मिळून निवडायचं.

आता दोन्ही शेजारी ठेवा. साउथ कॅरोलायनात पहिली फेरी फक्त गोऱ्यांची, दुसरी कागदावर सर्वांची. पुणे करारात पहिली फेरी फक्त दलितांची, दुसरी सर्वांची. रचना जवळजवळ आरशातल्यासारखी उलट. आणि तरीही दोन्हीकडे जे जास्त होते किंवा ज्यांच्या हातात सत्ता होती त्यांचंच चाललं. बाबासाहेबांची तक्रार हीच होती : पहिल्या फेरीत आमच्या लोकांनी ज्याला सर्वांत वर ठेवलं तो दुसऱ्या फेरीत सवर्णांच्या मतांनी पडतो, आणि चौथ्या क्रमांकावरचा, त्यांना चालणारा, निवडून येतो. १९४५-४६ च्या निवडणुकांनंतर त्यांनी ही आकडेवारी घेऊन कॅबिनेट मिशनसमोर बाजू मांडली. त्याच १९४६ साली त्यांनी अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डु बॉईस यांना पत्र लिहिलं होतं, अमेरिकेतले कृष्णवर्णीय संयुक्त राष्ट्रांकडे अर्ज करताहेत असं कळल्यावर, त्याची प्रत मागायला. कोलंबिया विद्यापीठात १९१३ ते १६ शिकलेल्या माणसाला दक्षिणेतल्या मतपेट्यांचं काय चाललंय ते वेगळं सांगावं लागलं नसणार.

तेव्हा ‘खरी निवडणूक कुठल्या फेरीत?’ या प्रश्नाला माझं उत्तर असं आहे : ज्या फेरीत नाव कापलं जातं ती खरी. सातारकर म्हणतात ती चुरस खरी होती. असेलही. पण ती त्या घरातल्या भावाभावांची वाटणी होती. शेत कसणारा अंगणाबाहेर उभा.

ह्यूस्टनचा पाहुणा

मी टेक्सासमध्ये पंचवीस वर्षं आहे, त्यामुळे शेजारच्या पुराव्यावर थोडं बोलतो. खाडीकाठ, ‘एकपक्षीय राज्यात नोव्हेंबर म्हणजे शून्य’ हे सरसकट लिहू नका. टेक्सासही तसंच एकपक्षीय होतं, पण १९२० च्या दशकात सॅन अँटोनियोकडच्या मतदारसंघातून हॅरी वुर्झबाख हे रिपब्लिकन पुन्हा पुन्हा निवडून येत. का? कारण त्या टेकड्यांमध्ये जर्मन वसाहती होत्या. त्यांचे आजेपणजे यादवी युद्धात दक्षिणेच्या बाजूने नव्हते आणि ती आठवण घराघरात होती. सबंध राज्यात तेवढा एक. जिथे माणसांना मत होतं आणि वेगळी आठवण होती, तिथे नोव्हेंबर जिवंत राहिला.

प्रायमरी खरी होती याचा सर्वांत मोठा पुरावाही टेक्सासचाच, फक्त तो सातारकरांना आवडेल असं वाटत नाही. १९४८, सिनेटच्या उमेदवारीची दुसरी फेरी. लिंडन जॉन्सन जिंकले ८७ मतांनी, दहा लाखांच्या आसपास मतांतून. निकाल लागत असताना जिम वेल्स काउंटीतल्या अ‍ॅलिस गावच्या १३ नंबरच्या पेटीत दोनशे मतं नंतर वाढली. मतदारयादीच्या शेवटची ती नावं एकाच शाईत, एकाच हस्ताक्षरात, वर्णानुक्रमाने! चोरी करावी लागली म्हणजे ती निवडणूक खरी होती, हे मान्य. पण वाद मिटवला कोणी? आधी पक्षाच्याच समितीने, एका मताच्या फरकाने. समोरून हिशेब मागायला दुसरा पक्ष म्हणण्यासारखा उरलाच नव्हता. एकपक्षीय राज्याचं दुखणं मला तिथे सर्वांत जास्त जाणवतं.

सातारकर

१३ नंबरच्या पेटीचं ऐकून होतो, पक्षाच्या समितीने तो निकाल एका मताने उचलून धरला हे नवीन कळलं.

दीक्षाभूमीकर, तुमचं वाक्य लागलं. रात्री झोपताना डोक्यात होतं. माझ्या पहिल्या प्रतिसादातला एक भाग मी मागे घेतो. पक्षांतर्गत स्पर्धा ही लोकशाहीची जागा भरून काढते असं मी सुचवलं होतं, ते तसं नाही. गोऱ्यांपुरती ती स्पर्धा खरी होती, एवढंच मी म्हणेन, आणि तेवढं मात्र सोडणार नाही.

सोडणार नाही याचं कारण सांगतो. खाडीकाठ यांच्या मांडणीत ती सगळी माणसं एका रंगाची होतात. याच राज्यातून प्रतिनिधीगृहात गेलेले अ‍ॅस्बरी लीव्हर शेती समितीचे अध्यक्ष झाले. १९१४ चा स्मिथ-लीव्हर कायदा त्यांच्या नावाचा. विद्यापीठातलं शेतीचं ज्ञान काउंटीतल्या अधिकाऱ्यामार्फत थेट बांधावर न्यायचं, ही व्यवस्था सबंध अमेरिकेत त्या कायद्याने उभी राहिली आणि आजही चालू आहे. मी कृषी खात्यात एकतीस वर्षं काढली, विस्तार कार्य म्हणजे काय ते मला माहीत आहे. बिनविरोध निवडून येणाऱ्या, वर्षानुवर्षं तीच खुर्ची सांभाळणाऱ्या माणसांनाच समितीचं अध्यक्षपद मिळे, ज्येष्ठतेने. चार्ल्स्टनचे मेंडेल रिव्हर्स १९४१ ते १९७० सभागृहात होते, १९६५ पासून लष्करविषयक समितीचे अध्यक्ष. त्या बंदरात जो नौदलाचा, हवाई दलाचा पसारा उभा राहिला त्यावर हजारो घरं चालली.

आणि दोष एकट्या राज्याचाही नव्हता. काँग्रेसला अधिकार होता. निवडणुकीत लबाडी झाली तर हरलेल्याची तक्रार ऐकून त्याला जागा देणं सभागृहाच्या हातात होतं. स्मॉल्स यांना १८८२ मध्ये आणि मरी यांना १८९६ मध्ये अशीच जागा मिळाली. चौदाव्या घटनादुरुस्तीत तर स्पष्ट लिहिलं होतं की प्रौढ पुरुषांचं मत काढून घेतलं तर त्या प्रमाणात राज्याच्या जागा कमी होतील. इंडियानाचे क्रम्पॅकर यांनी १९०१ च्या सुमारास ते अमलात आणा म्हणून आग्रह धरला, आणि त्यांच्याच रिपब्लिकन पक्षाने तो बाजूला ठेवला. उत्तरेच्या त्या माणसांचं काय करायचं?

अनुराधा म.

शेती विस्ताराबद्दल आदर आहे. पण ज्येष्ठतेचं फळ कोणाच्या पानात पडलं तेही बघा. १९२२ च्या जानेवारीत प्रतिनिधीगृहाने जमावहत्येविरुद्धचं डायर विधेयक २३१ विरुद्ध ११९ ने मंजूर केलं. सिनेटमध्ये दक्षिणेच्या सदस्यांनी ते बोलून बोलून मारलं. १९३५ च्या सामाजिक सुरक्षा कायद्यातून शेतमजूर आणि घरकामगार वगळले गेले. दक्षिणेतल्या कृष्णवर्णीयांपैकी बहुतेक जण नेमकी हीच दोन कामं करत. वगळण्यामागची कारणं इतिहासकार वेगवेगळी सांगतात, पण समित्यांच्या खुर्च्यांवर कोण बसलं होतं यावर वाद नाही. चार्ल्स्टनला गोदी मिळाली, आणि जॉर्जियापासून टेक्सासपर्यंत म्हाताऱ्या मोलकरणींना निवृत्तिवेतन मिळालं नाही. दोन्ही त्याच बिनविरोध जागांमधून आलं.

क्रम्पॅकर यांच्याबद्दल मात्र तुम्ही म्हणता ते खरं आहे. त्या पक्षाने पाठ फिरवली नसती तर ही चर्चा वेगळी झाली असती.

खाडीकाठ

ह्यूस्टनकर, सरसकटपणाबद्दल तुमची दुरुस्ती मान्य. वुर्झबाख माझ्या डोळ्यांसमोर नव्हते.

सातारकर, प्रायमरी हीच खरी निवडणूक होती हे तुमच्याइतकंच स्पष्ट कोणी ओळखलं असेल, तर ते त्या राज्याच्या सरकारने. ३ एप्रिल १९४४ ला सर्वोच्च न्यायालयाने टेक्सासची गोऱ्यांपुरती प्रायमरी रद्द केली. ह्यूस्टनचे दंतवैद्य लॉनी स्मिथ यांचा दावा, वकील थर्गुड मार्शल. त्याच महिन्यात साउथ कॅरोलायनाच्या राज्यपालाने विधिमंडळाचं खास अधिवेशन बोलावलं. आठवडाभरात शंभराहून जास्त कायदे रद्द केले, प्रायमरीचा उल्लेख कायद्यातून शोधून शोधून पुसला. म्हणायला मोकळे : पक्ष ही खाजगी मंडळी आहे, कोणाला आत घ्यायचं ते आमचं आम्ही बघू. हे राज्यपाल कोण? तुम्ही ज्यांचं कौतुक केलंत ते गिरणी कामगारांचे जॉन्स्टन. त्यानंतर चार महिन्यांत ते ‘कॉटन एड’ना हरवून सिनेटची उमेदवारी जिंकले. तुमची १९४४ ची लढत आणि माझं अधिवेशन एकाच उन्हाळ्यातलं आहे.

तेव्हा जे घडलं त्यात एक माणूस मला सारखा आठवतो. जॉर्ज एल्मोर. कोलंबिया शहरात पाच-दहा सेंटच्या वस्तूंचं दुकान चालवायचे. रंगाने उजळ, त्यामुळे पक्षाच्या यादीत नाव घालताना कारकुनाने त्यांना गोरं समजून नोंदवलं. लक्षात आल्यावर नाव काढलं. एल्मोर कोर्टात गेले. १२ जुलै १९४७ ला चार्ल्स्टनचे न्यायाधीश वेटीज वेरिंग यांनी निकाल दिला आणि लिहिलं की साउथ कॅरोलायनाने पुन्हा संघराज्यात सामील व्हायची वेळ आली आहे. वेरिंग त्याच शहरातल्या पिढीजात घराण्यातले. निवृत्तीनंतर त्यांना ते शहर सोडून न्यूयॉर्कला जावं लागलं. एल्मोर यांचं त्याहून वाईट झालं. घाऊक व्यापाऱ्यांनी माल देणं बंद केलं, कर्जं परत मागितली, दुकान गेलं, घर गेलं. १९४८ च्या ऑगस्टमध्ये सुमारे ३५ हजार कृष्णवर्णीय त्या प्रायमरीत मत द्यायला गेले, ते या दुकानदाराच्या जिवावर.

सातारकर

जॉन्स्टन यांचं हे मला ठाऊक नव्हतं. वाचून वाईट वाटलं, कारण गिरणीतून वर आलेला माणूस म्हणून त्यांच्याबद्दल मला जिव्हाळा होता.

तरी १९५४ चं एक सांगतो. सिनेटर मेबँक निवडणुकीच्या तोंडावर वारले. पक्षाच्या समितीने प्रायमरी न घेताच एडगर ब्राउन यांना उमेदवारी दिली. लोक चिडले. माजी राज्यपाल आणि वंशविभाजनाचे समर्थक स्ट्रॉम थर्मंड यांचं नाव मतपत्रिकेवर छापलेलं नव्हतं, ते मतदारांनी हाताने लिहिलं, आणि ६३ टक्के मतं देऊन निवडून आणलं. छापील नाव असलेल्या उमेदवाराविरुद्ध असं सिनेटच्या इतिहासात पहिल्यांदा झालं. थर्मंड यांचं राजकारण मला मुळीच मान्य नाही. पण ‘आमची प्रायमरी काढून घेतली’ म्हणून दीड लाखाच्या आसपास माणसं पेन्सिल घेऊन एक नाव लिहितात, तेव्हा ती प्रायमरी त्यांना आपली वाटत होती एवढं तरी मान्य करा.

अनुराधा म.

ते मान्य. फक्त त्याला १९५० ची जोड द्या. तोपर्यंत या राज्यात नोव्हेंबरच्या निवडणुकीत गुप्त मतदान नव्हतं, अमेरिकेत सर्वांत शेवटी ते इथे आलं. त्याआधी टेबलावर पक्षापक्षाच्या छापील चिठ्ठ्यांचे वेगळे गठ्ठे असत. कुठल्या गठ्ठ्यातली चिठ्ठी उचलली ते गावातला सावकार, जमीनदार, शेरीफ सगळे बघत. पक्षाच्या अधिकृत उमेदवाराविरुद्ध नाव लिहायला जो आडोसा लागतो, तो १९५४ च्या मतदाराला मिळून चारच वर्षं झाली होती.

ह्यूस्टनचा पाहुणा

आणि तेच थर्मंड १९६४ च्या सप्टेंबरमध्ये रिपब्लिकन झाले. पुढच्या वर्षी अ‍ॅल्बर्ट वॉटसन. ते डेमोक्रॅटिक प्रतिनिधी होते, १९६४ चे रिपब्लिकन अध्यक्षीय उमेदवार गोल्डवॉटर यांना पाठिंबा दिला म्हणून पक्षाने ज्येष्ठता काढली, त्यांनी राजीनामा दिला आणि पोटनिवडणुकीत रिपब्लिकन म्हणून परत निवडून आले. त्या राज्यातून कित्येक दशकांनी पहिला रिपब्लिकन. मतदार तेच, पक्ष बदलला.

दीक्षाभूमीकर

आज तिथे सात जागा आहेत. सहा रिपब्लिकन, एक डेमोक्रॅटिक, ती क्लायबर्न यांची. १८८२ च्या आखणीतही सातापैकी एकच जागा कृष्णवर्णीय मतदारांच्या वाट्याला ठेवली होती.

सातारकर

ही तुलना ओढून ताणून आहे. आज मत सर्वांना आहे. पहिल्या मतदारसंघात २०१८ ला डेमोक्रॅटिक उमेदवार निवडून आला होता, दोन वर्षांनी पडला. १९१८ मध्ये असं होणं शक्य तरी होतं का?

दीक्षाभूमीकर

शक्य नव्हतं, बरोबर. पण २०१८ नंतर त्याच पहिल्या मतदारसंघाच्या रेषा नव्याने आखल्या, चार्ल्स्टनमधली तीस हजारांच्या आसपास कृष्णवर्णीय माणसं उचलून क्लायबर्न यांच्या मतदारसंघात टाकली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. २०२४ मध्ये सहा विरुद्ध तीन असा निकाल लागला, आखणी राहिली. राज्याचं म्हणणं होतं की आम्ही वंश बघितला नाही, पक्ष बघितला. ज्या राज्यात कृष्णवर्णीय मतदार आणि डेमोक्रॅटिक मतदार बहुतेक तेच आहेत, तिथे हे दोन वेगळे कसे करायचे ते मला कोणीतरी समजावून सांगा.

खाडीकाठ

तो नकाशा मी आत्ता उघडून बसलोय. स्मॉल्स यांचं ब्यूफर्ट पहिल्या मतदारसंघात आहे.